पायरीवर वाचलेली पत्रं

१६ जून २००३, सोमवार

आला एकदाचा! टेम्पोतून, प्लास्टिकच्या आत केळीच्या सोपटांत गुंडाळून — आमच्या वाचनालयाचा कम्प्युटर! वॉल्टरभाऊ म्हणाले, "थर्माकोल कुठून आणू, आशाताई? वाडीत हे होतं, हेच लावलं." वसईकडच्या गिरीज गावचा बागायतदार माणूस. कम्प्युटर दिला, त्याबरोबर वेलची केळ्यांचा एक घडही दिला.

त्यांची फ्लॉसी मस्कतला नर्स आहे. तिने बापाला नवीन मशीन घेऊन दिलं आणि बापाने जुनं आम्हाला दिलं. जुनं म्हणजे आमच्या दृष्टीने अगदी कोरं.

अध्यक्ष प्रल्हादराव सोवळ्यात यायचे तेवढे बाकी होते. हळद, कुंकू, अक्षता सगळं घेऊन आले. नारळ टेबलाच्या कडेवर आपटणार तोच वॉल्टरभाऊ दोन्ही हात पसरून मधे पडले! मग पायरीवर फोडला. तोवर अध्यक्षांनी पडद्यावर कुंकवाचं स्वस्तिक काढून टाकलं होतं. ओल्या फडक्याने पुसलं तर जास्तच पसरलं. आता आमच्या कम्प्युटरवर जे दिसेल ते गुलाबी!

चौदा वर्षं मी इथे ग्रंथपाल. चार हजार दोनशे पुस्तकं, एक पंखा, दोन ट्यूबलाइट. आणि आता हे.

१९ जून, गुरुवार

इंटरनेट लागताना फोन किंचाळतो. समोरच्या बिल्डिंगमधल्या काकू विचारायला आल्या, मांजर कुठे अडकलंय का!

२ जुलै, बुधवार

वाचनालयाला ईमेलचा पत्ता मिळाला. पत्ता एक आणि वापरणारा विरारचा आख्खा मनवेलपाडा! ज्याला त्याला नोकरीच्या अर्जावर ईमेल लिहायचा असतो. लिहा म्हटलं, आमचाच लिहा.

मी पद्धत बसवली आहे. सकाळी आल्या आल्या पेटी उघडायची. ज्याचं पत्र असेल ते त्या करकर करणाऱ्या प्रिंटरवर छापायचं, चौघडी घालायची आणि त्या सभासदाच्या कार्डाच्या खिशात ठेवायचं. पुस्तक बदलायला आला की पत्र त्याच्या हातात. मग मशीनमधलं पत्र पुसून टाकायचं. पेटी रिकामी दिसली की कसं बरं वाटतं! पोस्टमन थैली घरी घेऊन जातो का?

वॉल्टरभाऊ म्हणाले, "पुसायची गरज नसते, ताई." म्हटलं, असू दे. पसारा मला चालत नाही.

८ जुलै, मंगळवार

आज एक पत्र आलं, त्या नावाचं कार्डच सापडेना. 'हंसा हरेश्वर, अर्नाळा — मासेवाली, मंगळवारी तुमच्या गल्लीत येते.' हाच पत्ता! खाली इंग्रजी अक्षरांत मजकूर.

दहाच्या सुमाराला "सुकट, बोंबीऽल" ऐकू आलं. होड्या बंद, म्हणून हल्ली सुक्याची पाटी. हाक मारली. "तू हंसा?"

"व्हय. का गं बाय?"

"तुझ्या मुलीचं पत्र आलंय. मस्कतहून."

पाटी उतरवायचंही तिला सुचेना. पाटी डोक्यावर, एक हात पाटीला आणि दुसरा छातीला. "रोशनीचा? कुठं हाय? पोस्टमन तर नाय आला!"

ही रोशनी फ्लॉसीच्या बरोबरची. दोघी एकत्र नर्सिंग शिकल्या, आता एकाच हॉस्पिटलात. पत्ता फ्लॉसीनेच दिला असणार. रोशनी महिन्यातून एकदा फोन करते, तो नाक्यावरच्या दुकानात. बाप शेजारी उभा, मागे अर्धी गल्ली. आई विचारते जेवलीस का, लेक सांगते जेवले. संपलं!

पत्र पायरीवरच वाचलं. हंसा खालच्या पायरीला, मी वरच्या. भाषा मराठी, अक्षरं इंग्रजी — आणि मी, बी.ए. झालेली, ग्रंथालयाचा कोर्स केलेली, पहिलीच्या पोरासारखी बोट फिरवत अडखळत होते! पत्रात विशेष काही नव्हतं. तिथे पापलेट मिळतं पण गोठवलेलं, पेशंट अरबी बोलतात, खोलीतली केरळची मुलगी खोबरेल लावते. हंसाने तीनदा वाचायला लावलं. पापलेटाच्या ओळीला तिन्ही वेळा हसली.

मग हात पुढे केला. "कागद दे."

"वाचता येतं तुला?"

"दुसरीपरेंत गेले. मग आईबरोबर पाटी घेतली. पन कागद दे. माझ्या पोरीचा हाय ना?"

दिला. त्यात 'आई' कुठे लिहिलंय ते दाखव म्हणाली. दाखवलं. त्यावर अंगठा ठेवून बराच वेळ बसली.

आतून पाण्याचा ग्लास आणून देताना तिला म्हटलं, आत ये. "नको बाय. मासळीवाली आत गेली तं तुझे लोक बोंबलतील." आणि स्वतःच हसली.

१५ जुलै, मंगळवार

दुसरं पत्र. दुसरा कागद. हंसा ते प्लास्टिकच्या पिशवीत घालून पोलक्यात ठेवते.

२५ जुलै, शुक्रवार

बोंबलले! हंसाचे लोक नव्हे, माझेच.

मंगळवारी धो धो पाऊस होता. पत्र पायरीवर वाचलं असतं तर शाईचं पाणी झालं असतं. मी तिला पाटीसकट आत घेतलं. वाचन टेबलावरच्या दोन बायकांनी नाकाला पदर लावला. आज कार्यकारिणीची तातडीची सभा! ठराव दोन. एक, मासळी वा तत्सम उग्र वासाची वस्तू आत आणू नये. दोन, कम्प्युटर फक्त सभासदांसाठी.

मी विचारलं, "हंसा सभासद झाली तर?"

प्रल्हादराव म्हणाले, "अहो, ती वाचणार काय?"

मी ठराव वहीत उतरवला. पण ज्या दोघींनी पदर लावला, त्यांच्या घरून दर रविवारी कसल्या तळणाचा वास येतो ते मनवेलपाड्याला ठाऊक आहे!

ठराव झाला तसा झाला. पायरी वाचनालयाच्या आत धरायची की बाहेर, ते ठरावात लिहिलेलं नाही. मी पायरीवर छत्री उघडून वाचेन.

५ ऑगस्ट, मंगळवार

वॉल्टरभाऊ हल्ली दुपारी येतात — बारा ते चार आपण बंद असतो तेव्हा. म्हणाले मशीनला व्हायरस झालाय, एकदा काढून भागत नाही. किल्ली देऊन ठेवली. देवमाणूस!

हंसाची बोलणी म्हणजे सध्या एकच. लग्न! रोशनी डिसेंबरात सुट्टीवर येते आहे. विकी नावाचा मुलगा आहे, अर्नाळ्याचाच, स्वतःची होडी. हरेश्वरने — हंसाच्या नवऱ्याने — विकीच्या काकाला शब्द दिलाय. "मानूस चांगला हाय गं बाय, दारू नाय पीत. शब्द म्हंजे शब्द, आमच्यात मोडत नाय."

मी म्हटलं, रोशनीला विचारलंत?

"फोनवर बापाना सांगितलं तिला. ती काय बोलली नाय. दुकानात कोन बोलतं?"

१३ ऑगस्ट, बुधवार

काल नारळी पौर्णिमा. हंसा यायची नाही हे माहीत होतं, म्हणून पत्र कालच येऊनही आज वाचलं गेलं. आणि वाचलं गेलं नाही.

रोशनीने वर लिहिलंय, 'बाई, आधी तुम्ही एकट्या वाचा.' मी एकटीने वाचायला हवं होतं. पण प्रिंटरवरून उचललं आणि तेवढ्यात हंसा दारात. डोक्याला गजरा, हातात नारळाच्या वड्या! छापखान्यातून निघालेला कागद हातात घेऊन बसले पायरीवर आणि सुरुवात केली. दुसऱ्याच ओळीला थांबले.

'मी विकीशी लग्न करणार नाही. विकी वाईट नाही. पण मला इथे अतिदक्षता विभागात घेतलंय. तीन वर्षांचा करार देतायत, एक नोव्हेंबरला सही. बाई, मी डिसेंबरात आले तर बाबा परत पाठवणार नाहीत. म्हणून मी येणारच नाही. पण आईचं काय होईल? मला शिकवायचा हट्ट तिचा होता. बाबा तेव्हाच म्हणाले होते, पोरगी हाताबाहेर गेली तर तुला घराबाहेर काढीन. आईला कसं सांगायचं ते तुम्हीच ठरवा. हळूहळू सांगा.'

हंसा वाट बघतेय. वडीचा चुरा ओठावर.

आणि मी वाचलं! वाचलं म्हणजे काय — बनवलं. "आई, मी मजेत आहे. तुझी आठवण येते. नारळी पौर्णिमेला तू वड्या केल्या असशील. डिसेंबरात भेटू."

वड्यांचं ऐकून तिच्या डोळ्यांत पाणी! "बग, लक्षात हाय तिच्या!"

मग नेहमीप्रमाणे हात पुढे. आता? नाही म्हणायला काही कारण सुचेना. दिला. तिला वाचता थोडंच येतंय!

१४ ऑगस्ट, गुरुवार

जेवताना ह्यांना सगळं सांगितलं. हे म्हणाले, "चौदा वर्षं पुस्तकांची पानं फाडणाऱ्यांवर ओरडतेस. तू तर आख्खं पत्र फाडलंस." खरंय. राग आला, पण खरंय.

वड्या मात्र उत्कृष्ट होत्या.

२६ ऑगस्ट, मंगळवार

हंसाला उत्तर पाठवायचंय. ती पायरीवरून सांगते, मी आत जाऊन टाइप करते, पुन्हा बाहेर येऊन पुढचं वाक्य घेते. अशा नऊ खेपा! "सांग तिला, लुगडा बघून ठेवला हाय. हिरवा." मी आत. "सांग, विकीनी होडी रंगवली." मी आत.

शेवटी मी माझी ओळ घातली — 'रोशनी, हे मला झेपत नाही. आईला तूच सांग.'

बाहेर आले तर हंसा म्हणते, "आत भारी येळ लागला गं बाय. मी तं दोनच शब्द सांगितले." मी कानापर्यंत लाल झाले असणार. म्हटलं, बटणं सापडत नाहीत!

९ सप्टेंबर, मंगळवार

घरच्या गणपतीची धामधूम आटोपली. रोशनीचं उत्तर आलं. 'बाई, फोनवर कसं सांगू? बाबा शेजारी असतात. आईला आधी कळलं आणि तिने लपवलं असं बाबांना वाटलं, तर सगळं तिच्यावर येईल. तिला काही माहीत नव्हतं, हेच तिच्यासाठी बरं.'

म्हणजे सांगायचंही आणि न सांगायचंही! मुली शिकल्या की अशी पत्रं लिहितात.

आज मी पुन्हा बनवून वाचलं. हवामान, जेवण, केरळच्या मुलीचं खोबरेल. हल्ली हंसा पूर्वीसारखी तीनतीनदा वाचायला लावत नाही. एकदा ऐकते, माझ्या तोंडाकडे बघत राहते, कागद घेते आणि जाते. विश्वास म्हणतात तो हाच. त्यानेच जास्त टोचतं.

१९ सप्टेंबर, शुक्रवार

प्रल्हादराव तरातरा आले. "आशाबाई, कीबोर्डला मांदेली मासळीचा वास येतोय!"

मी हुंगून बघितलं. येत होता! वॉल्टरभाऊंना विचारलं. ते म्हणाले, दुपारी डबा इथेच खातो, हात नीट धुतले नसतील. क्रॉसवर हात ठेवून माफी मागितली. प्रल्हादराव विरघळले. ख्रिस्ती माणसाने माफी मागितली की ते नेहमीच विरघळतात.

६ ऑक्टोबर, सोमवार

काल दसरा. कम्प्युटरला झेंडूचा हार. माऊसवर आपट्याचं पान. अध्यक्षांनी यावेळी पडद्याला हात लावला नाही!

संध्याकाळी हंसा सोनं द्यायला आली, मंगळवार नसताना. मासळीची पाटी नव्हती, म्हणून मी ठरावावर बोट ठेवून तिला आत बसवली. चार हजार दोनशे पुस्तकांकडे मान वर करून बघितलं तिने. "ही सगली तू वाचलीस?"

"बरीचशी."

"आन् खरी असतात का गं सगली?"

काही खरी, काही बनवलेली, असं म्हटलं. ती म्हणाली, "बनवलेली पन बरी असतात. कोनीतरी आपल्यासाठी बसून बनवली म्हंजे."

मग म्हणाली, बँड ठरवलाय. वसईचा. सात वाद्यं.

सात वाद्यं! मला ती सातही रात्रभर पोटात वाजणार.

२१ ऑक्टोबर, मंगळवार

आज सांगणारच होते. देवाला नमस्कार करून निघाले.

पहिल्यांदा तोंड उघडलं, तर प्रल्हादराव मधे — दिवाळी अंकांची यादी. दुसऱ्यांदा उघडलं, तर हंसा म्हणाली, "बाय, तू बारीक झालीस. कोलंबी घे, ताजी हाय." तिसऱ्यांदा म्हटलं, "हंसा, समज, रोशनीचं मन लग्नाला नसलं तर?"

हंसा सुपारी कातरत होती. थांबली नाही. "नसलं तं नसलं. पन कलायला नको का? कोनी सांगायला नको का?"

हीच वेळ होती! सगळं ओठावर आलं होतं. आणि मी म्हटलं, "कोळंबी दे मग."

मी भित्री आहे. हे इथे लिहून ठेवते, म्हणजे पुढे विसरायला नको.

१ नोव्हेंबर, शनिवार

आज मस्कतला सही झाली असेल. मी सकाळपासून तीनदा घड्याळाकडे बघितलं, जणू मलाच सही करायची होती. पोरीने ठरवलं ते चांगलं केलं, असं मला मनापासून वाटतं. आणि हंसाचं घर मोडेल, असंही वाटतं. दोन्ही एकदम वाटतं, त्यावर औषध नाही.

४ नोव्हेंबर, मंगळवार

हंसा आली. नवं पातळ, पण डोळ्यांखाली काळं. म्हणाली, रविवारी विकीचा काका येतोय. भावकीची माणसं येतायत. तारीख ठरणार, पानसुपारी होणार. एकदा चारचौघांत तारीख ठरली, की मग परत फिरता येत नाही.

"बाय, तू ये. चार वाजता."

"मी कशाला? घरातलं कार्य..."

"तू पत्रं वाचतंस. घरातलीच तू. येशील ना?"

तिने माझा हात धरला. इतक्या महिन्यांत पहिल्यांदा. खरखरीत हात, खवल्यांनी भरलेला. मी येते म्हटलं.

९ नोव्हेंबर, रविवार

लिहिते. आजचं आजच लिहिते.

वॉल्टरभाऊंनी स्कूटरवरून नेलं. एरवी गिरीजपासून अर्नाळ्यापर्यंत प्रत्येक वाडीचा इतिहास सांगणारा माणूस आज गप्प. उतरताना एवढंच म्हणाले, "ताई, जे मनात असेल ते बोला. आज बोला."

हंसाचं घर किनाऱ्याला लागून. अंगणात बांबूंवर बोंबील वाळत घातलेले, समोर किल्ला. ओटीवर पंधरा-वीस माणसं. विकीचा काका मधे, पांढरी टोपी. विकी कोपऱ्यात, चांगला सालस पोरगा, माझ्याकडे बघून हसलासुद्धा. हरेश्वर तांब्या घेऊन फिरत होता. खूश होता. मला म्हणाला, "या बाई! आमच्या पोरीचा पोस्टमन!" सगळे हसले.

पानसुपारीचं ताट आलं. काका म्हणाला, "तं मग डिसेंबरचा सव्वीस धरूया?"

हंसा दारात उभी होती. चौकटीला धरून. तिने माझ्याकडे बघितलं. फक्त बघितलं. मला वाटलं, हिच्या डोक्यातली सात वाद्यं आता ओटीवर येणार, आणि डिसेंबरात ह्याच माणसांपुढे ही एकटी उभी राहणार.

मी उभी राहिले. "तारीख ठरवू नका. रोशनी येणार नाही."

काकाने हातातलं पान ताटात ठेवलं.

मग सगळं सांगितलं. करार, सही, तीन वर्षं. ऑगस्टपासून मला माहीत होतं. हंसाला काही ठाऊक नाही. मीच पत्रं खोटी वाचली. तिला वाचता येत नाही, मी त्याचा फायदा घेतला. दोष माझा आहे, काय बोलायचं ते मला बोला.

बोलले! काका ताट ढकलून उठला. हरेश्वर तर माझ्या अंगावरच धावून येणार होता. विकीनेच त्याला धरलं. "शिकलेली बाई! आमच्या घराचा घात केलास! माझ्या अडाणी बायकोला फसवलंस तू!" आणि हंसा — कपाळ बडवून घेत खाली बसली. असा हंबरडा फोडला की शेजारच्या बायका धावून आल्या. "बाय, मी तुला घरातली समजले गं! माझ्या तोंडाला काळा फासलास!" सगळ्या बायका माझ्याकडे बघत होत्या. मी कुठे बघावं ते मला कळेना.

वॉल्टरभाऊंनी हाताला धरून बाहेर आणलं. परत येताना मी स्कूटरवर रडले. आगाशीच्या तळ्यापाशी त्यांनी थांबवून सोडा पाजला. "बरं केलंत, ताई," म्हणाले. बरं कसलं!

११ नोव्हेंबर, मंगळवार

हंसा आली नाही.

१६ नोव्हेंबर, रविवार

विरारच्या बाजारात गेले. एकही कोळीण मला मासे देईना! "ही तीच. रोशनीची बाय." पाटीवर पान टाकून मोकळ्या. ह्यांनी आठवडाभर मासळीचं तोंड पाहिलेलं नाही. म्हणाले, "तुझ्या खरं बोलण्याची शिक्षा मला का?" हसू आलं. बऱ्याच दिवसांनी.

वॉल्टरभाऊ सांगत होते — हरेश्वर गावभर मला शिव्या घालतोय. पण हंसाला एका शब्दाने बोललेला नाही. उलट सांगतो, माझी बायको भोळी, तिला काय कळतं, त्या वाचनालयवालीने गंडवली. विकीचं दुसरीकडे बघतायत. काकाचा रागही माझ्यावरच.

चला, कुणाच्या तरी उपयोगी पडले. शिव्या खायला का होईना.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

आजही नाही. दहा वाजता पायरीवर जाऊन उभी राहिले होते. वेडेपणा.

२२ नोव्हेंबर, शनिवार

चाळीतला कौस्तुभ आला. त्याने महिन्यापूर्वी नोकरीचा अर्ज इथून पाठवला होता, कंपनी म्हणते मिळाला नाही. मी म्हटलं, गेलं ते गेलं, त्याचा पुरावा कुठून आणू? तो म्हणाला, "बाई, पाठवलेलं सगळं मशीनमध्ये राहतं. तो दुसरा कप्पा उघडा ना!" दुसरा कप्पा! मी जन्मात उघडला नव्हता. पेटीत टाकलेलं पत्र पेटीत राहतं, हे कुणाला सुचेल?

उघडला. कौस्तुभचा अर्ज होता. आणि आणखी चौदा पत्रं, जी मी पाठवलेलीच नव्हती. मस्कतला. पहिलं ऑगस्टचं, तीन शब्दांचं. सगळी दुपारी एक-दोनच्या सुमाराची, म्हणजे वॉल्टरभाऊंच्या 'व्हायरस'च्या वेळची. इंग्रजी अक्षरांतली, पण बोली — ती मी कुठेही ओळखीन. शेवटचं तीन नोव्हेंबरचं. इथे आपल्या अक्षरांत उतरवते:

'रोशनी सही झाली बरा झाला. आता येऊ नको. रविवारी विकीचा काका येतो. मी बायला बोलावते. तिच्या पोटात राहनार नाय ती बोलेल. मी काय बोलनार नाय मी रडेन. मग बाप तिच्यावर चिडेल माझ्यावर नाय. मना वाईट वाटतं. बाय लय चांगली. आपल्यासाठी खोटा वाचते पन तिला येत नाय. बोट एका ओलीवर तोंड दुसरीकडं. वॉल्टर बोलतो तिला सांगू. मी बोलले नको. तिला कललं तं तिच्या तोंडावर दिसेल. बायला सांगू नको.'

कौस्तुभ विचारत होता, बाई, काय झालं? काही नाही म्हटलं. डोळ्यांत कचरा गेला.

पत्र पुसलं नाही. कप्पा बंद केला. मला काही माहीत नाही! मंगळवारी हंसा आलीच, तर तोंड पाडून बसायचं. देवा, एवढं तरी जमू दे.